एक मॅच तू, एक मॅच मी

१९ नोव्हेंबर १९९६, मंगळवार

हरले. सात-शून्य!

सात गोल खाल्ले, आणि तेही कुणाकडून — निळ्या चड्डीवाल्या कुठल्याशा शाळेकडून. ती म्हणे सगळ्यात सोपी टीम. बालवाडीत मी पंचवीस पोरं सांभाळते. ती नाक पुसायला तरी जवळ येतात. टीव्हीतली ही अकरा पोरं माझ्याकडे ढुंकून बघत नाहीत.

मृणालीनं पंधरा दिवसांपूर्वी ह्या खेळाची कॅसेट माझ्या हातात ठेवली. "आई, माझी दहावी हाय. मना नाय वेळ. दादाला सांग, बंद करूया."

बंद करूया म्हणे! किती सहज म्हणाली. गणपतीपासून ही कॅसेट इथून रोह्याला आणि रोह्याहून इथं फिरते आहे. निकेश तिकडे एक मॅच खेळतो, सेव्ह करतो. सेव्ह म्हणजे जिथं थांबलो तिथूनच पुढे सुरू. कान्हू भाऊजी रोज रोह्याजवळ धाटावला कंपनीत जातात, ते येताना घेऊन येतात. मग इथं मृणाली पुढची मॅच खेळते, सेव्ह करते, कॅसेट परत भाऊजींच्या डब्याच्या पिशवीत. एक मॅच तू, एक मॅच मी, असं भावाबहिणीचं ठरलेलं.

मी निकेशला दोन पत्रं टाकली. एका ओळीचं उत्तर नाही. कॅसेट मात्र चुकली नाही. कॅसेट आली म्हणजे पोरगा आहे, जागेवर आहे, एवढं तरी कळतं. तीच बंद केली तर माझ्या हातात काय राहिलं?

तेव्हा आता मी खेळते. त्याला माहीत नाही. हे सात गोल बघून म्हणेल, बहिणीचं डोकं फिरलं.

२० नोव्हेंबर

हरलं तर सेव्ह न करता बंद करायचं आणि पुन्हा खेळायचं! मृणालीनं आज सांगितलं. काल सांगायला हिचं तोंड शिवलं होतं?

२४ नोव्हेंबर, रविवार

गुरुवारी कॅसेट गेली. आता वाट बघणं.

हे सकाळीच मिठागरावर जातात ते दिवेलागणीला येतात. हंगाम सुरू झाला, बांध नीट करायचे, पाणी घ्यायचं. त्यामुळे दुपार माझी. कॅसेट इथं असली की पोह्यांच्या डब्यात ठेवते. ह्यांच्या नजरेला पडायला नको.

जून महिना अजून डोळ्यांसमोरून जात नाही. बारावीचा निकाल. निकेश नापास. आणि निकाल घेऊन पेणहून आला तो सरळ टीव्हीसमोर जाऊन बसला! मीही चिडले होते, खोटं कशाला लिहू. पण ह्यांनी तो खेळाचा डबा वायरींसकट उचलला आणि अंगणात फेकला. "हा खेळ घे आन चालता हो." पोरानं डबा नाही उचलला. त्यातली कॅसेट काढली, खिशात घातली, आणि खरंच चालता झाला. अनवाणी. चपला मी दुसऱ्या दिवशी कान्हू भाऊजींबरोबर पाठवल्या.

तेव्हापासून ह्या घरात त्याचं नाव निघत नाही. हे काढत नाहीत, आणि मी काढलं की उठून ओटीवर जातात. डबा मृणालीनं पुसून ठेवला. चालतो अजून, एक कोपरा फुटलाय तेवढाच.

निकेश रोह्यात एका खोलीवर राहतो. खांब गावाच्या बाजूच्या वाडीवरचा गोरख म्हणून एक पोरगा आहे, त्याच्यासोबत. दोघं धाटावला एकाच कंपनीत, कॉन्ट्रॅक्टरकडे. गोरख इलेक्ट्रिशियनच्या हाताखाली आहे म्हणतात. खोलीवर एक जुना टीव्ही आणि कुणाकडून तरी घेतलेला असाच खेळाचा डबा. एवढीच माहिती. तीही भाऊजींकडून तुकड्या-तुकड्यानं काढलेली. त्यांची कंपनी वेगळी, ते कॅसेट गेटबाहेरच्या चहावाल्याकडे देतात आणि तिथूनच घेतात.

२८ नोव्हेंबर

आली! आल्या आल्या लावली, पोरांना खिचडी वाढून आल्यावर हातसुद्धा नीट धुतले नाहीत.

खेळ आता थोडा समजतोय. अक्षरं सगळी जपानी. कुणा बोटीवरच्या माणसानं आणलेली कॅसेट, तिथली ती भाषा. मृणालीनं वहीच्या मागच्या पानावर आकार काढून दिलेत — झोपडीसारखं दिसतं ते पास, आकड्यासारखं ते शूट, दोन काड्यांचं ते पुढे पळ. धावाधाव करायची नसते. ज्याच्या पायाशी चेंडू येतो तिथं खेळ थांबतो आणि विचारतो, आता काय करू? तुम्ही कितीही वेळ घ्या. मॅच झाली की प्रत्येक पोराचा आकडा वाढतो, ते तगडं होतं. मग गावात हिंडायचं, लोकांशी बोलायचं, सराव करायचा.

हे थांबून विचारणं मला फार आवडलं. जूनमध्ये आम्हा तिघांपैकी एकाला जरी कुणी असं थांबवून विचारलं असतं!

निकेशचं खेळणं ओळखू येतं. जेवतो तसाच खेळतो, पुढ्यात आलं की संपवायचं. अर्ध्या मैदानातून शूट. पासबीस नाही.

पोरांना नावं त्यानंच दिलीत, इंग्रजी चार अक्षरांत. JANU म्हणजे माझे सासरे, चार वर्षांमागे वारले ते. KANU म्हणजे भाऊजी. GORA तो खोलीवरचा गोरख. MRUN. आणि गोलकीपर BABA! त्याच्या पुढ्यातून काही जात नाही म्हणून असेल. आज बघते तर BABA बाहेर बाकावर बसवलाय. गोलात कुणी भलताच. आकडा सगळ्यात मोठा BABA चा, आणि त्याला बसवलं बाहेर!

मी परत गोलात उभा केला. सेव्ह.

अकराही नावं दोनदा वाचली. बाकावरचीही वाचली. AAI कुठे नाही.

२९ नोव्हेंबर

नाही तर नाही.

७ डिसेंबर

शनिवारीच पाठवली होती. आठवडा झाला. कॅसेट नाही.

BABA ला गोलात घातला त्याचा राग आला का? मला काय गरज होती नाक खुपसायची. तो आणि त्याचा बाप बघून घेतील. पण ते बघून घेत नाहीत ना, म्हणून तर मधे मी!

१४ डिसेंबर

आजही नाही. कान्हू भाऊजींना अंगणातूनच विचारलं. म्हणाले, "येल गो वयनी. चहावाल्याकडं कोन आलाच नाय आठवडाभर." आणि पुढे निघूनही गेले. एरवी हा माणूस चहा घेतल्याशिवाय हलत नाही.

मृणाली म्हणते, दादाला कंटाळा आला असेल. कंटाळा आला असेल तर बरंच. मला भलतेसलते विचार येतात. केमिकलची कंपनी. कोणता पाइप कुठे फुटेल सांगता येतं का?

१९ डिसेंबर, गुरुवार

मार्गशीर्षातला दुसरा गुरुवार. घट मांडला, पुरणाच्या पोळ्या केल्या.

हे सकाळच्या गाडीनं रोह्याला गेले. मिठाला गोणपाट हवं, पेणला चांगलं मिळत नाही म्हणाले. वाटलं, जाताहेत तर जातील का खोलीवर?

संध्याकाळी आले. गोणपाट नाही. मागच्या दारी कितीतरी वेळ पाय धूत बसले. विचारलं, "रोह्यात कोणी भेटलं का?" तर म्हणाले, "कोन भेटनार?" ताटावर बसले आणि पोळी न मोडता उठले. नैवेद्याची पोळी!

दगड आहे हा माणूस. रोह्यापर्यंत जाऊन पोराकडे वाकडी वाट केली नाही, आणि वर माझ्या अन्नावर राग. मीही जेवले नाही. उपास सोडलाच नाही.

२१ डिसेंबर

आली आली आली!

भाऊजी स्वतः घरात येऊन देऊन गेले. चहा घेतला. दोन कप घेतला.

२२ डिसेंबर

किती सुधारलाय खेळ! पास देतो आता. मागून पुढे, पुढून मागे, घाई नाही. मी एकटीच टीव्हीसमोर "शाब्बास" म्हणाले. आणि BABA गोलातच आहे. काढला नाही त्यानं.

नोकरीनं माणूस शांत होतो म्हणतात ते खरं. मधे शिफ्टा जास्त असतील, म्हणून उशीर. उगाच मी देव पाण्यात ठेवले.

५ जानेवारी १९९७

स्वयंपाकघरात मृणालीजवळ बोलून गेले, "सगळं गाव घातलंय टीममधे, मेलेले सासरेसुद्धा घातलेत. मीच तेवढी नाही." ती हसायला लागली. "आई, तू फुटबॉल खेळनार?" मी म्हटलं, "खेळतेय ना दोन महिने!" मग दोघी हसलो. हे ओटीवर विडी ओढत होते, म्हणून आवाज बारीक केला.

हसले खरं, पण लागतं मनाला. लिहिते इथं, दुसरं कुठे सांगू.

१२ जानेवारी, रविवार

घाईनं लिहितेय. अक्षर वाईट येणार.

कॅसेट लावली. मॅच सुरू झाली. मधोमध, सगळ्यात पुढे, दहा नंबर — AAI.

मी बटणच दाबलं नाही. खेळ थांबून राहिला. किती वेळ ती दहा नंबरची पोरगी (पोरगाच आहे तो, पण आता काय!) चेंडू पायाशी घेऊन उभी होती. मृणालीला हाक मारली, ती आली. म्हणाली, "दादाला कसा कळला?"

रक्ताचं कळतं. पोटातून आलेल्याला कळतं.

AAI नं आज एक गोल केला. मीच केला.

१४ जानेवारी, संक्रांत

भाऊजींच्या पिशवीत कॅसेटसोबत डबा घातला. तिळाचे लाडू, त्याला आवडतात तसे, गूळ जास्त. आणि डब्यात चिठ्ठी: "शिमग्याला ये. बाबांचं मी बघते. — आई."

बाबांचं मी काय बघणार, देव जाणे. पण शिमग्याला येतातच सगळे. मुंबईहून, सुरतेहून, कुठून कुठून येतात. तो तर रोह्यात आहे, चार स्टेशनं.

२३ जानेवारी

डबा परत आला. घासून, पुसून, लख्ख! मला हसूच आलं. निकेशनं जन्मात कधी डबा घासला नाही. शाळेचा डबा सोमवारचा शुक्रवारी दप्तरात सापडायचा, वास येऊन. नोकरीनं काय काय शिकवलं ह्याला!

चिठ्ठीला उत्तर नाही. डब्याच्या तळाशीही बघितलं, झाकणातही.

९ फेब्रुवारी

ह्यांना आज सरळ म्हटलं, "मी रोह्याला जाऊन येते एक दिवस."

"नको."

"का नको?"

"मी सांगतो म्हनून नको."

एवढंच. आवाज चढवला नाही, तेच जास्त वाईट. चढवला असता तर मीही चढवला असता. ह्या घरात भांडायलाही समोर माणूस मिळत नाही.

१२ फेब्रुवारी, बुधवार

आज गेलेच. म्हणजे निघाले. बालवाडी सुटल्यावर साडी बदलली, मृणालीच्या शाळेच्या कामाला पेणला जाते असं शेजारी धोंडुबाईला सांगितलं आणि कासू स्टेशनवर जाऊन उभी राहिले. उलट्या बाजूच्या गाडीसाठी.

गाडी आली. दार समोर आलं. एक पाय वर ठेवला, आणि वाटलं — खोलीवर गेले आणि त्यानं तोंड फिरवलं तर? आत्ता निदान तो कॅसेट पाठवतो, माझं नाव दहा नंबरला आहे. समोर गेले आणि तेही गेलं तर? गाडी थांबते किती, मिनिटभर. गार्डानं शिट्टी मारली. पाय खाली घेतला.

घरी येऊन धोंडुबाईला सांगितलं, शाळा बंद होती. ती म्हणाली, "बरा झाला गो, ऊन लय हाय."

भित्री आहे मी. लिहून ठेवते, भित्री.

२३ फेब्रुवारी

एक नवीनच संकट. कॅसेट लावली तर पहिल्या खान्यात काहीच नाही. आमचा खेळ पहिल्या खान्यात असतो. रिकामा! मी ओरडलेच, "गेलं गेलं, सगळं गेलं!" काढली, फुंकली, पुन्हा लावली — आहे. जीवात जीव आला. मृणाली म्हणाली, "आत बटनासारखी बॅटरी असते आई. खेळ बंद असला की तीच सगळा धरून ठेवते. ती संपत आलीय. संपली की सगळा गेला."

माझ्या ध्यानातच नव्हतं की हे घरात आहेत. पायाला मिठाची चीर पडून पिकलंय, म्हणून दोन दिवस खाटेवर. भिंतीकडे तोंड करून झोपले होते. हलले नाहीत. घोरत होते बहुतेक. पटकन टीव्ही बंद केला.

२ मार्च

आज तीनदा लावल्यावर दिसला. AAI चा आकडा २७, BABA चा ३१. स्पर्धेच्या शेवटच्या चार मॅचा राहिल्यात. दोन मी, दोन तो. शिमग्यापर्यंत फायनल. मग तो येईल आणि मी त्याला सांगेन की मृणाली नव्हतीच, मी होते. तोंड बघण्यासारखं होईल त्याचं! तोवर बॅटरीबाई, एवढी कळ काढ.

९ मार्च

कॅसेट नाही. मी ह्या वेळी घाबरणार नाही.

१२ मार्च

घाबरलेय.

१६ मार्च, रविवार

सगळं नीट लिहून काढायला हवं. नाहीतर उद्या मलाच वाटेल की मी काहीतरी ऐकलं वेडंवाकडं.

दुपारी अंगणात एक काळासावळा, बारीक पोरगा उभा. हातात रुमालात गुंडाळलेलं काही. "बाई, मी गोरख. रोह्याचा."

मी इतकी हरखले! त्याला आत बोलावलं आणि त्याच्या मागे बघत राहिले, निकेश कुठे मागे राहिला म्हणून. रस्त्यावर कोणी नव्हतं. कुत्रं होतं.

त्यानं रुमाल उघडला. कॅसेट. जमिनीवर ठेवली, आणि रडायला लागला. वीस वर्षांचा पोरगा, हमसून हमसून.

बॅटरी बदलायला घेतली होती त्यानं. नवी आणली होती. जुनी जागेवर असतानाच नवी बाजूनं जोडायची आणि मग जुनी काढायची, म्हणजे आतलं सगळं टिकतं. त्याला ते माहीत होतं. पण कंपनीत त्याचा उस्ताद पहिल्या दिवसापासून एकच सांगत आलाय — कुठल्याही वस्तूला हात लावायच्या आधी सप्लाय तोड. पहिल्याच महिन्यात एकाला डोळ्यांसमोर शॉक लागून फेकलेलं पाहिलंय त्यानं. तेव्हापासून हात आपोआप आधी तोडतो. "हातानं ऐकला नाय, बाई. पयली जुनी काढली. कंपनीत काढतो तशी. काढली तवाच समजला मी काय केला ता."

गेलं सगळं. तिन्ही खाने रिकामे. JANU, KANU, BABA, AAI, कोणी नाही.

मी म्हटलं, "रडू नको रे. खेळच आहे. निकेश चिडला का तुझ्यावर?"

तेव्हा तो माझ्याकडे बघायचा थांबला.

"निकेश नाय रोह्यात. डिसेंबरच्या सुरवातीलाच गेला. गुजरातला कंपनीत, एक कॉन्ट्रॅक्टर पाच पोरा घेऊन गेला त्यांच्यासंगं. पत्ता नाय. मना म्हनला, घरी कॅसेट देऊन टाक."

मग ही कॅसेट? एवढे दिवस?

"मीच खेळत होतो."

मला आधी ते समजलंच नाही. मी म्हटलं, "आणि लाडू?" हा काय प्रश्न झाला! पण तोच तोंडून निघाला. तो म्हणाला, "मीच खाल्ले. चिठ्ठी वाचली. उत्तर लिव्हायला बसलो दोनदा, पन खोटा लिव्हायला हात उठला नाय."

ते पास देणं, तो घासलेला डबा. मी काय काय समजत होते! नोकरीनं शांत झाला म्हणे. आणि त्याला वाटत होतं, पलीकडे मृणाली खेळतेय. दोघं परके, तो माझा पोरगा आणि मी मृणाली होऊन खेळत होतो, तीन महिने.

"त्यानं घरी दे म्हटलं होतं. मग दिली का नाहीस?"

मान खाली. "ता मना नको विचारू, बाई."

"आणि AAI नाव? तेही तूच?"

तो रुमालाची घडी घालत बसला. दया आली असेल बिचाऱ्याला. कुणाच्या आईची.

मला त्याच्यावर ओरडायचं होतं. ओरडता आलं नाही. भात आणि सुकटीचं कालवण वाढलं. भूक होती त्याला, भरपूर जेवला. ताट स्वतः घासायला निघाला तेव्हा मात्र मला आवरलं नाही, मागच्या दारी जाऊन रडले.

१७ मार्च

बालवाडीत गेले. पोरांना गाणं म्हणायला लावलं. काय गायले कुणास ठाऊक.

१८ मार्च

कान्हू भाऊजी दिसले तर रस्ता बदलून गेले. त्यांनाही माहीत होतं तर! सगळ्या गावाला माहीत होतं का? ह्यांना मात्र नसणार. ह्यांना कोण सांगायला जातंय.

कॅसेट लावून बघितली. नवीन खेळ सुरू होतो. अकरा पोरं, सगळ्यांची नावं जपानी, आकडे एक-एक. एकालाही ओळखत नाही मी. बंद केली.

२० मार्च

गुजरात केवढं आहे? मृणालीच्या भूगोलाच्या पुस्तकात नकाशा बघितला. तिथल्या कंपन्यांना पत्र लिहू म्हटलं तर कुठल्या, आणि काय पत्ता घालू? त्यानं मागे वळून एकच गोष्ट सांगितली, घरी कॅसेट द्या. म्हणजे आता खेळ संपला, असंच ना? माझा पोरगा मला सोडून गेला, आणि ते कळायला मला साडेतीन महिने लागले. मी त्या वेळात गोल करत होते.

२१ मार्च

ह्यांना सांगायला हवं. पोर रोह्यात नाही, हे बापाला कळायला हवं, मग तो कितीही दगड असो. जीभच उचलत नाही. सांगितल्यावर हे "बरा झाला" म्हणाले तर? तेवढं एक ऐकायची ताकद नाही माझ्यात.

२२ मार्च

धोंडुबाईचे दोन्ही लेक आले. होळीसाठी पोरं लाकडं गोळा करताहेत. आपले दोन ओंडके दिले. शिमग्याला सांगते.

२३ मार्च, होळी

सांगितलं. दुपारीच. हे ओटीवर बसून भेगा पडलेल्या तळपायांना तेल लावत होते. मी पुरणाचं पातेलं खाली ठेवलं आणि म्हटलं, "निकेश रोह्यात नाही." एवढंच. गोरख आला होता ते नाही, कॅसेटचं नाही, काही नाही.

वर न बघता म्हणाले, "ठाव हाय. गेलो होतो ना मी, मार्गशीर्षात. खोली बगून आलो."

मी पुरणावर झाकण ठेवलं.

"त्या गोरखला बोल नको लावू. बॅटरी बदल म्हनून मीच कान्हूसंगं सांगून धाडला होता."

तेलाची बाटली बंद केली. उठले. पायरीवर थांबले, पाठ माझ्याकडेच.

"नवी टीम करायला सांगतो त्याला. तुझा नाव परत घालायला सांगतो."